पावागड एकटाच का उभा आहे? वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरं

या वेळी पत्रांत आणि मेलमध्ये सगळ्यात जास्त प्रश्न आलेत ते गुजरातमधल्या पावागडाबद्दल. काही जण तिथल्या कालिकामातेला जाऊन आलेत, काहींना जायचंय, एकीच्या मुलाचा शाळेचा प्रोजेक्ट आहे, आणि दोघा-तिघांना मराठ्यांचा संबंध जाणून घ्यायचाय. बरेच प्रश्न सारखेच होते म्हणून एकत्र केलेत, आणि ज्यांचं उत्तर दोन ओळीत होतं त्यांना दोनच ओळी दिल्यात. हा डोंगर मला मनापासून आवडतो, त्यामुळे काही ठिकाणी उत्तर लांबलंय, ते सांभाळून घ्या.

प्रश्न: बडोद्याहून हालोलला जाताना सगळी सपाट शेती दिसते आणि मधेच एकदम हा एवढा मोठा डोंगर. आजूबाजूला दुसरी रांग नाही काही नाही. हा सह्याद्रीचा तुटलेला तुकडा आहे का, की इथे वेगळा ज्वालामुखी होता?

सह्याद्रीशी नातं आहे, पण तुकडा तुटून इकडे आला असं नाही. साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी आपल्या दख्खनवर लाव्हाचे थरावर थर पसरले, ज्यातून आपले घाट, कडे, गड सगळं घडलं. ते लाव्हा फक्त महाराष्ट्रापुरते नव्हते, गुजरातेत, माळव्यात, कच्छ-काठेवाडातही पसरले होते. पावागड त्याच घटनेतला आहे. पण आज तो मुख्य पठारापासून सुटा पडलाय, दख्खनच्या लाव्हाचा मोठा सलग पसारा नर्मदेच्या पलीकडे दक्षिणेला राहिलाय आणि हा इकडे एकटा. अधलामधला दगड ऊनपावसानं, नद्यांनी कोट्यवधी वर्षं झिजवून नेला.

मग खरा प्रश्न हा की बाकीचं गेलं तर हाच का राहिला. याचं उत्तर डोंगराच्या माथ्यावर आहे. खालचे थर आपल्या ओळखीच्या काळ्या बेसॉल्टचे, एकावर एक जवळजवळ आडवे. पण वरच्या भागात रायोलाइट नावाचा दगड आहे, आणि तो बेसॉल्टपेक्षा पार वेगळा. त्यात सिलिका, म्हणजे वाळूत असतो तो पदार्थ, जास्त असते, त्यामुळे लाव्हा असतानाच तो घट्ट, चिकट असतो, पटकन पसरत नाही, लांब वाहत जात नाही. म्हणजे तो कुठून तरी शंभर मैलांवरून वाहत आलाय असं होऊ शकत नाही, तो इथे आसपासच जमिनीतून बाहेर पडलेला असणार. आणि एकदा थिजला की तो झिजायलाही चिवट असतो. माथ्यावर ही टोपी असल्यामुळे खालचा बेसॉल्ट वाचला. टोपी नसती तर आज तिथेही शेतच दिसलं असतं.

हे डोळ्यांनी बघता येतं बरं का, त्यासाठी भूशास्त्र शिकायला लागत नाही. माचीवर, म्हणजे जिथपर्यंत बस आणि जीप जातात तिथे, उभं राहून वर बघा. आत्तापर्यंत उतार होता, झाडी होती, टप्पे-टप्पे होते, आणि तिथून वर एकदम सरळसोट कडा सुरू होतो. तो रायोलाइट. मग चढताना पायाशी पडलेले दोन दगड उचलून बघा, एक काळा, जड, बारीक कणांचा, आणि दुसरा फिकट, राखाडी किंवा तांबूस, आणि त्यावर कधीकधी बारीक समांतर रेघा. त्या रेघा म्हणजे घट्ट लाव्हा सरकताना पडलेले पट्टे. आपल्याकडच्या गडांवर फिरणाऱ्यांना हा दुसरा दगड सहसा बघायला मिळत नाही, म्हणून मुद्दाम सांगतेय.

अगदी तळाच्या थरांमध्ये पिक्राइट नावाचा, ऑलिव्हिन या हिरवट खनिजानं भरलेला दगडही आहे, म्हणजे एकाच डोंगरात सगळ्यात कमी सिलिकावाल्या लाव्हापासून सगळ्यात जास्तवाल्यापर्यंत सगळी मालिका सापडते. म्हणून भूशास्त्रज्ञ इथे दीडशे वर्षांपासून येतायत. १९०६ साली फर्मर या शास्त्रज्ञानं खास इथल्या लाव्हांवरच निबंध लिहिला होता. आणि ज्या जमिनीवर हा डोंगर बसलाय ती तर कितीतरी जुनी. गोध्र्याच्या बाजूचा ग्रॅनाइट शंभर कोटी वर्षांच्या घरातला आहे, आणि पायथ्याच्या चांपानेर गावाच्या आसपासचे क्वार्ट्झाइट, फायलाइट हे दगडही लाव्हाच्या कितीतरी आधीचे.

प्रश्न: उंची नक्की किती? एका ठिकाणी ७६२ मीटर, दुसरीकडे ८०० च्या वर.

दोन्ही आकडे छापलेले सापडतात. समुद्रसपाटीपासून साधारण ८०० मीटर धरा. प्रोजेक्टसाठी यापेक्षा महत्त्वाचं हे की भोवतीचं रान फार उंचावर नाही, त्यामुळे सहाशे मीटरपेक्षा जास्त चढ एकदम अंगावर येतो. कळसूबाई याच्या दुप्पट उंच आहे पण ती डोंगरांच्या गर्दीत उभी आहे, हा एकटा आहे म्हणून आहे त्यापेक्षा मोठा वाटतो. पाऊस संपल्यावर हवा धुऊन निघाली की बडोद्यातल्या उंच गच्चीवरूनसुद्धा दिसतो, आणि अंतर आहे जवळपास ४५-५० किलोमीटर.

प्रश्न: बडोद्यात पूर आणणारी विश्वामित्री नदी पावागडावर उगम पावते असं ऐकलं, ते खरं का?

हो, खरं आहे. पावागडाच्या कुशीत उगम, मग बडोदा शहराच्या मधून, पुढे ढाढर नदीला मिळून खंभातच्या आखातात. बडोद्यातली जी मगरींची नदी म्हणून प्रसिद्ध आहे तीच ही. २०१९ ला आणि पुन्हा २०२४ च्या ऑगस्टमध्ये शहरात पाणी शिरलं तेव्हा रस्त्यावर मगरी निघाल्याचे व्हिडिओ सगळ्यांनी बघितले असतील.

नदीचा आणि डोंगराचा हा संबंध लोक विसरून जातात. सपाट प्रदेशात एकच उंच डोंगर असला की पावसाळ्यात त्याच्या कड्यांवरचं पाणी चारी बाजूंनी झपाट्यानं खाली येतं, ओढे फुगतात, आणि खाली उतार संपला की तेच पाणी रेंगाळतं, पसरतं. त्यामुळे बडोद्याच्या पुराचा विचार करताना नुसतं शहरातलं पात्र बघून चालत नाही, वर डोंगरावरची झाडी किती राहिली, पायथ्याच्या तलावांत गाळ किती साचला, हेही बघायला लागतं. तुमचा प्रश्न छोटा होता पण मला वाटतं हा मुद्दा बडोद्यातल्या प्रत्येकानं लक्षात ठेवायला हवा.

प्रश्न: असा सुटा डोंगर म्हणजे शत्रूनं चारी बाजूंनी वेढायला सोपा. मग चांपानेरच्या रावळ राजांनी तिथे किल्ला का केला आणि गुजरातचा सुलतान महमूद बेगडा याचा वेढा जवळजवळ दोन वर्षं कसा सोसला? वर पाणी कुठून आणलं?

प्रश्न फार आवडला. उत्तर परत त्या दगडातच आहे. डोंगर वेढता येतो पण चढता येत नाही, कारण वरचा रायोलाइटचा कडा बहुतेक बाजूंनी उभा. माणसाला तट बांधायची गरज फक्त जिथे उतार आहे तिथेच, बाकीचं काम डोंगरानं करून ठेवलेलं. वाट एकच मुख्य, आणि तिच्यावर एकामागून एक दरवाजे, खालून अटक दरवाजा, बुढिया, मोती, मग सदनशाह, पुढे मकाई, तारापूर वगैरे. त्यातल्या सदनशाह दरवाजापाशी थांबाच. तिथली वाट चक्क खडक कापून वळवत नेलीय, म्हणजे आत शिरणाऱ्याला सरळ धावत येताच येऊ नये आणि वरच्यांना त्याच्यावर नेम धरता यावा. आपल्या गडांवरच्या गोमुखी दरवाजांची ज्यांना सवय आहे त्यांना हे लगेच कळेल.

आता पाणी. इतक्या उंचीवर नदी नाही, बारमाही झराही भरवशाचा नाही, सगळी मदार पावसावर. म्हणून माथ्याच्या सपाटीवर आणि टप्प्यांवर तलाव आहेत, दूधिया तलाव, छासिया तलाव, तेलिया तलाव. नावं ऐकून लोकांना गंमत वाटते, दूध, ताक, तेल, पण हे तलाव म्हणजे किल्ल्याचा जीव. देवळाच्या गर्दीतून जाताना दूधिया तलावाच्या काठावरून सगळे जातात, पण हाच तलाव नसता तर वर ना किल्ला झाला असता ना गाव, हे फारसं कोणाच्या मनात येत नाही. धान्यासाठी कोठारं वेगळी, मकाई कोठार आणि कड्याच्या काठावरचं नवलखा कोठार. घुमटांची जाडजूड बांधणी, वारा खेळता राहील अशा उंचावर. पाणी आणि धान्य वर, कडा खाली, मग वेढा घालणाऱ्याच्या हातात वाट बघण्याशिवाय काय राहतं.

हे रावळ म्हणजे खीची चौहान राजपूत, तेच इथे राज्य करत होते. गुजरातच्या सुलतानांनी आधीही प्रयत्न करून बघितले, अहमदशाहानं १४१८ मध्ये, नंतर मुहम्मदशाहानं पंधराव्या शतकाच्या मध्यावर, तेव्हा रावळ गंगादासानं माळव्याच्या खिलजीला मदतीला बोलावलं होतं. या गंगादासाच्या लढाईवर त्या काळी संस्कृत नाटकसुद्धा लिहिलं गेलंय. मग १४८२ मध्ये, दुष्काळाच्या साली, बेगड्याचा एक ठाणेदार रावळाच्या मुलखात लुटालूट करायला शिरला, त्यात तो मारला गेला, आणि बेगड्याला निमित्त मिळालं. रावळ जयसिंहानं, ज्याला लोककथेत पताई रावळ म्हणतात, पुन्हा माळव्याकडे निरोप धाडला, माळव्याचा सुलतान निघालाही, पण बेगडा दाहोदपर्यंत सामोरा गेल्यावर तो माघारी फिरला. तिथे रावळाची बाजू संपली असं मला वाटतं. सुट्या डोंगराचं बळ पाण्या-धान्यावर, पण ते कितीही साठवलं तरी बाहेरून कोणी येणारच नसेल तर शेवट ठरलेला.

बेगड्यानं छावणीतच मशिदीचा पाया घातला, म्हणजे वरच्यांना कळावं की हा माणूस हलणार नाही. १४८४ च्या नोव्हेंबरात पश्चिमेच्या तटाला खिंडार पाडून सैन्य आत शिरलं. बायकांनी जोहार केला, रावळ आणि त्याचा मंत्री डुंगरशी जखमी अवस्थेत सापडले, त्यांनी धर्म बदलायला नकार दिला आणि काही महिन्यांनी त्यांना मारण्यात आलं. वंश मात्र संपला नाही, छोटा उदेपूर आणि देवगड बारिया ही संस्थानं याच खीची चौहानांची, आणि ती थेट १९४७-४८ पर्यंत टिकली.

प्रश्न: पताई राजानं नवरात्रात गरबा खेळणाऱ्या देवीचा पदर धरला आणि तिच्या शापानं राज्य गेलं, ही गोष्ट आजी सांगायची. इतिहासात काही आधार?

लढाईचं कारण वर दिलंय, ते फारसी इतिहासांतून आलेलं. देवीची कथा लोकांनी पराभवाला दिलेला अर्थ आहे, आणि गुजरातभर गरब्यांतून ती आजही गायली जाते. आजीची गोष्ट जपून ठेवा, ती दस्तऐवज नाही पण पाचशे वर्षं एक समाज आपला पराभव कसा आठवतो ते तिच्यातून कळतं, आणि ते फारसी इतिहासात मिळत नाही.

प्रश्न: जिंकल्यावर बेगड्यानं अहमदाबाद सोडून राजधानीच इथे आणली. मग इतकं मोठं शहर पन्नास वर्षांत ओसाड कसं झालं?

शहर डोंगरावर नाही, पायथ्याशी वसवलं, नाव मुहम्मदाबाद. माळव्याच्या वाटेवर, जंगलाच्या तोंडाशी, आणि पाठीशी डोंगराचा आधार. बेगडा १५११ मध्ये गेला, तोपर्यंत बांधकामच चालू होतं. जामा मशीद याच काळातली, समोरचे दोन मिनार साधारण ३० मीटर उंच, आत १७० च्या वर खांब. तिच्यात नक्षी बघा, घुमटाच्या आतल्या कमळांवर आणि झरोक्यांवर हात फिरवल्यासारखी नजर फिरवा, देवळं घडवणाऱ्या कारागिरांचा हात लगेच ओळखू येतो. केवडा, नगिना, शहर की मशीद, लीला गुंबज, प्रत्येकीची नक्षी वेगळी.

पण राजधानी राजाच्या इच्छेनं वसली होती, बाजारानं किंवा बंदरानं नाही. खंभात, अहमदाबाद ही व्यापाराची गावं आपोआप मोठी झाली, त्यांना दरबार असला नसला तरी चालत होतं. चांपानेरचं तसं नव्हतं. १५३५ मध्ये मोगल बादशाह हुमायून आला, गुजरातचा सुलतान बहादूरशाह दीवला पळाला, १५३७ मध्ये पोर्तुगिजांच्या हातून मारला गेला, आणि दरबार परत अहमदाबादला. दरबार गेला तसे कारागीर गेले, पाठोपाठ सावकार गेले. आणि इथे पाणी हा मुद्दा परत येतो. शहरभर विहिरी, टाकी, वाव म्हणजे पायऱ्यांच्या विहिरी, मोठे तलाव, सगळी व्यवस्था माणसांनी सतत साफ ठेवली तरच चालणारी, लोकसंख्या कमी झाली की गाळ काढणारं कोणी नाही, आणि मग उरलेल्यांनाही राहणं कठीण. हे माझं मत आहे पण अवशेष बघितले की पटतं. १६११ च्या सुमाराचा एक इतिहासकार लिहितो की इमारती पडल्यात, बागा गेल्यात आणि तिथे आता वाघ राहतात.

उलट बाजूनं बघाल तर ओसाड पडलं म्हणूनच ते टिकलं. वर नवीन शहर चढलं नाही. मोगलांच्या आधीचं अख्खं शहर बदल न होता शिल्लक राहिलंय म्हणून २००४ मध्ये युनेस्कोनं चांपानेर-पावागडला जागतिक वारसा केलं, गुजरातमधलं पहिलंच. बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठाच्या र. ना. मेहतांनी इथे उत्खनन करून रस्ते, घरं, बागा उजेडात आणल्या, ते झालं नसतं तर आज फक्त मशिदी दिसल्या असत्या आणि माणसं कुठे राहायची ते कळलंच नसतं.

प्रश्न: हुमायून स्वतः खिळे ठोकून कडा चढला ही गोष्ट खरी का? आमच्या ट्रेकिंग ग्रुपमध्ये यावर वाद झालाय.

मोगलांच्या दरबारी इतिहासात हे बऱ्याच तपशिलानं दिलंय, त्यामुळे थोडी अतिशयोक्ती धरली तरी मूळ घटना मानायला हरकत नाही. झालं असं की वेढा पडलेला, किल्लेदार इख्तियार खान वर निवांत. हुमायून एक दिवस डोंगराभोवती फिरत असताना त्याला जंगलातून बाहेर पडणारी गावकरी मंडळी दिसली. चौकशी केली तर ती गुपचूप वरच्यांना धान्य विकून येत होती. म्हणजे कुठेतरी वाट होती जिथून धान्य वर ओढून घेत होते. ती जागा त्यांच्याकडून दाखवून घेतली. कडा सरळ, गुळगुळीत, साठ-सत्तर गज उंच, इतका अवघड की वरच्यांनी तिथे पहाराच ठेवला नव्हता.

मग सत्तर-ऐंशी पोलादी खिळे करवून घेतले, आणि रात्री खडकात डावीउजवीकडे हातभर अंतरानं ठोकत ठोकत माणसं वर गेली. एकोणचाळीस जण चढल्यावर हुमायून निघाला, तेव्हा त्याचा सरदार बैराम खान यानं त्याला अडवलं, थोडं थांबा म्हणाला आणि स्वतः पुढे झाला, म्हणजे बैराम चाळिसावा आणि बादशाह एकेचाळिसावा. पहाटेपर्यंत तीनेकशे माणसं वर. समोरून सैन्यानं हल्ला केला, आतून यांनी, आणि किल्ला पडला.

तुमच्या ग्रुपमध्ये ज्यांचं म्हणणं होतं की त्या काळी असं चढणं शक्यच नाही, त्यांना सांगा की रायोलाइटला उभ्या-आडव्या भेगा असतात, खिळा भेगेत बसला तर धरतो. आज आपण पिटॉन ठोकतो ते वेगळं काय असतं. यातली मला सगळ्यात महत्त्वाची वाटणारी गोष्ट मात्र खिळे नाहीत, ते गावकरी आहेत. चढण्याचं धाडस बादशाहाचं असेल, पण कडा कुठे फितूर होतो हे पायथ्याच्या माणसांनाच ठाऊक होतं. त्यांची नावं कोणी लिहिली नाहीत.

आणि आता तिथे तसं चढायला जाऊ नका. संरक्षित स्मारक आहे, शिवाय कड्याचे सुटे दगड पावसाळ्यानंतर निसटतात.

प्रश्न: पावागड शिंद्यांकडे होता असं वाचलं. कधीपासून कधीपर्यंत?

अठराव्या शतकात पंचमहालावर, म्हणजे पावागडाच्या भोवतालच्या मुलखावर, मराठ्यांचा अंमल आला आणि पुढे शिंद्यांकडे पावागड गेला. दुसऱ्या इंग्रज-मराठा युद्धात कर्नल वुडिंग्टननं आधी २९ ऑगस्ट १८०३ ला भडोच घेतलं आणि १७ सप्टेंबरला पावागड. दौलतराव शिंद्यांशी ३० डिसेंबर १८०३ ला सुर्जी-अंजनगावचा तह झाला, त्यात भडोच गेलं ते गेलं पण पावागड आणि दाहोद शिंद्यांना परत मिळाले. १८५३ मध्ये पंचमहालाचा कारभार इंग्रजांकडे दिला गेला आणि १८६१ च्या सुमारास झाशीकडच्या मुलखाच्या बदल्यात प्रदेश कायमचा त्यांच्याकडे गेला. म्हणजे पेशवाई बुडाल्यावरही चाळीसेक वर्षं या डोंगरावर मराठा सरदाराची मालकी होती. आपल्याकडे सुर्जी-अंजनगाव म्हटलं की काय काय गेलं याचीच यादी पाठ असते, काय परत मिळालं त्यात पावागड होता हे फारसं सांगितलं जात नाही. इंग्रज आले तेव्हा खालच्या चांपानेरात जेमतेम काहीशे माणसं उरली होती.

प्रश्न: आईला देवीचं दर्शन घडवायचंय, तिचे गुडघे दुखतात. एका दिवसात काय काय होईल?

चांपानेरहून माचीपर्यंत बस-जीप आहे. माचीपासून रोपवे, १९८६ पासूनचा. पण रोपवे देवळाच्या दारात सोडत नाही, त्यानंतरही पायऱ्या आहेतच, आईंना आधीच सांगून ठेवा. रविवार, पौर्णिमा आणि दोन्ही नवरात्र टाळा, रोपवेची रांगच एवढी असते की आजारी माणसाला उभं राहणं जमत नाही. कालिकामातेचं देऊळ आता नव्यानं बांधलंय, शिखराच्या जागी आधी सदनशाहचा दर्गा होता, तो संमतीनं बाजूला हलवला आणि जून २०२२ मध्ये शिखरावर ध्वज चढला.

आई दर्शन करून माचीला विसावल्या की तुम्ही मौलिया पठारावर छासिया तलावाजवळचं लकुलीशाचं, म्हणजे शिवाचा अवतार मानल्या गेलेल्या गुरूचं, देऊळ बघून या. दहाव्या-अकराव्या शतकातलं, डोंगरावरचं सगळ्यात जुनं शिल्लक राहिलेलं. लकुलीशाला मानणारे पाशुपत शैव इथे होते, जैनांचंही हे सिद्धक्षेत्र, राम-सीतेचे मुलगे लव-कुश इथून मोक्षाला गेले असं जैन मानतात, त्यामुळे दिगंबर मंदिरंही वर आहेत. एका एकट्या डोंगरावर शैव, जैन, शाक्त, सूफी सगळे आले. लांबून दिसणारी उंच जागा सगळ्यांनाच ओढते.

उतरल्यावर घाईनं बडोद्याला पळू नका. जामा मशिदीला किमान तासभर द्या, संध्याकाळचं ऊन खांबांच्या आत येतं ते बघा, आणि बडोदा रस्त्यावरची गोल गोल उतरत जाणारी वाव गाडी थांबवून बघा. बहुतेक लोक तिच्यावरून सरळ निघून जातात.

प्रश्न: गिरनारही असाच एकटा आहे. दोन्ही डोंगर एकसारखेच घडले का?

नाही. काळ जवळपास एकच, पण पावागड म्हणजे जमिनीवर येऊन पसरलेल्या लाव्हाचे थर, आणि गिरनार म्हणजे जमिनीखालीच अडकून थिजलेला शिलारस, जो वरचं आवरण झिजल्यावर उघडा पडला. म्हणून पावागडाला टप्पे दिसतात, गिरनारला नाहीत. उंचीलाही गिरनार मोठा, गुजरातमधला सगळ्यात उंच. प्रोजेक्ट करणाऱ्या मुलाला दोन्ही डोंगरांचे फोटो शेजारी शेजारी चिकटवायला सांगा, आणि पावागडाच्या फोटोवर कडा जिथे सुरू होतो तिथे आडवी रेघ मारायला सांगा. त्या रेघेच्या वर रायोलाइट, खाली बेसॉल्ट.